कमानीखालचा पुदिना

मित्रांनो, मला कोणी बांधलेले नाही. दोन डोंगरांच्या मधल्या उंचवट्यावर खडकाची एक भिंत होती. तिच्या पोटातला मऊ दगड पाण्याने आणि वाऱ्याने झिजवला. कठीण दगड तेवढा वर राहिला. तो राहिलेला दगड म्हणजे मी. पाठीवर ओझे घेतलेला माणूस मान न वाकवता जाईल, एवढी माझी उंची आहे. माझे वय मला माहीत नाही. ते ठरवायला तीन विद्वान आले होते. तिघांनी तीन आकडे सांगितले आणि भांडत परत गेले.

मला शापित म्हणणारे भेटले, तसेच पवित्र म्हणणारेही भेटले. मी यांपैकी काहीच नाही. माझ्यात एक गुण आहे, आणि तो जसा पाहिला तसाच सांगते.

तुम्ही हातमोजे पाहिले असतील. उजवा आणि डावा दिसायला सारखेच. पण उजवा मोजा डाव्या हातात बसत नाही. अन्नाचे, झाडांचे, प्राण्यांचे आणि माणसांचे बारीकातले बारीक कणही पुष्कळसे असेच असतात. माझ्याखालून जे जाते, त्याचा असा प्रत्येक कण मी उजव्याचा डावा करते. वरून काही कळत नाही. गालावरचा तीळ त्याच गालावर राहतो, लंगडणारा पाय तोच लंगडतो. आतून मात्र तो माणूस सगळा उलटा झालेला असतो. पुन्हा एकदा माझ्याखालून गेला, की सुलटा. हे का होते ते मला ठाऊक नाही. ज्यांनी ठामपणे सांगितले, त्यांच्यावर मी विश्वास ठेवलेला नाही.

उलट्या माणसाला काही दुखत नाही. फक्त अन्न अंगी लागत नाही. पोट भरते आणि शरीर उपाशी राहते. हे प्रथम शेळ्यांच्या एका कळपाने दाखवून दिले. माझ्याखालून पलीकडे गेलेल्या चाळीस शेळ्या गुडघाभर गवतात उभ्या राहून वाळून मेल्या. पुढे माणसे. किती, ते सांगत नाही. तेव्हा मोजायला मीसुद्धा शिकले नव्हते.

हळूहळू दोन्ही बाजूंच्या गावांना शहाणपण आले. पाणी, मीठ, लोखंड यांच्या कणांना उजवे-डावे नसते; ती खुशाल खालून न्यावीत. धान्य मात्र दोन दिवसांचा वळसा घालून लांबच्या रस्त्याने न्यावे. माणसाने जाताना आपला डबा बरोबर न्यावा, कारण डबाही त्याच्यासोबत उलटतो आणि उलट्या माणसाला उलटे अन्न पचते. यातून एक रीत पडली. कमानीखालून आलेल्या पाहुण्याला कोणी जेवायला वाढायचे नाही. सख्खी बहीण असली तरी तिने हात बांधून समोर बसायचे, आणि भावाने आपला डबा उघडून खायचा. ‘घे रे थोडं’ एवढे म्हणणेसुद्धा त्या गावांत अपराध मानला जाई. रीत विचित्र होती, पण तिने पुष्कळ जीव वाचवले.

माझ्या पाठीवरून एक चढण आहे. रिकाम्या हाताचा धडधाकट माणूस ती हात टेकत पार करतो. वरून गेलेल्याला काहीच होत नाही. त्यामुळे हमालांचा घोटाळा व्हायचा. भरल्या पाठीने ते खालून जात. परतताना कधी खालून येत, कधी वरून. दिवसअखेर खालच्या फेऱ्यांचा आकडा विषम भरला आणि ते कोणाच्या लक्षात आले नाही, तर तो माणूस उलटाच घरी जाऊन जेवायला बसे.

यावर उपाय शोधला तो औषधे कुटणाऱ्या एका बाईने. पुदिना आणि शहाजिरे यांचा वास एकाच कणाचा असतो. एकात तो कण उजवा, दुसऱ्यात डावा. सुलट्या नाकाला पुदिना हा पुदिनाच वाटतो. उलट्या नाकाला त्याच पानातून शहाजिऱ्याचा वास येतो. मग माझ्या पश्चिमेच्या तोंडाशी एक चौकी बांधली गेली आणि टेबलावर पुदिन्याची कुंडी आली. घरी परतणाऱ्याने पान चुरडायचे, हुंगायचे आणि वास कसला ते मोठ्याने सांगायचे. ‘पुदिना’ म्हणाला तर घरी. ‘शहाजिरे’ म्हणाला तर एकदा खालून जाऊन पाठीवरून उतरून यायचे. त्या बाईने पानाविषयी सगळे लिहून ठेवले. रोप कुठून आणावे हे मात्र लिहिले नाही, कारण ते तिच्या परसात होतेच.

ते माझे भरभराटीचे दिवस होते. दिवसाला दीडदोनशे हमाल माझ्याखालून जात. माझा दगड त्यांच्या खांद्यांनी घासून आरशासारखा झाला होता.

मित्रांनो, मला सांगायचे आहे ते चौकीवरच्या शेवटच्या बाईविषयी. सगळे तिला ताई म्हणत. लहानपणीच्या तापात तिचे नाक गेले होते. कसलाच वास येत नसे. पंचांना ही मोठी सोय वाटली. जिला वास येत नाही ती कोणाला उत्तर पढवणार नाही, असा त्यांचा विचार. हमालांना त्यात थट्टेचा विषय मिळाला.

“ताई, पायातले काढू का जरा? तुम्हाला काय फरक पडतोय?”

“मला नाही पडत रे. मागे बघ, रांग पांगली.”

चौकीला लागून दोन खोल्या होत्या. पुढच्या खोलीत चूल, एक खाट आणि पूर्वेकडे, म्हणजे माझ्याकडे, उघडणारी खिडकी. मागच्या खोलीत मिठाच्या गोण्या. तिथे ताई आणि तिचा धाकटा भाऊ राहत. तोही हमाल होता. मीठ वाहायचा म्हणून सगळे त्याला मिठ्या म्हणत, ताईसुद्धा. दोन गोण्या पाठीवर घेऊन तो शीळ घालत जाई. आकडेमोडीत मात्र तो लहानपणापासून बदनाम होता. शाळेत सतरानंतर थेट एकोणीस म्हणायचा, हे ताई पुढे वीस वर्षे येईल त्याला सांगत असे.

“अठरा आवडायचा नाही मला,” तो म्हणे. “तोंडच वाकडं होतं त्याचं.”

फेऱ्या मोजण्यासाठी तो डाव्या खिशात खडे ठेवी आणि माझ्याखालून गेला की एक खडा उजव्या खिशात टाकी. त्याचे खडे मी कधी चुकलेले पाहिले नाहीत. ताईने ते कधी पाहिलेच नाहीत. तिच्याकडे कुंडी होती.

मग लांबच्या रस्त्यावर नदीवर पूल झाला. दोन दिवसांचा वळसा अर्ध्या दिवसावर आला आणि हमाल एकेक करून गाड्यांकडे गेले. माझ्या पायथ्याशी गवत माजले. पंच चौकीकडे फिरकेनासे झाले, अधूनमधून त्यांचा माणूस तेवढा येई. उरला एकटा मिठ्या, कारण पूर्वेकडच्या तोंडाशी दुकान असलेली काकू मीठ फक्त त्याच्याकडूनच घेई. “गाडीवरचं मीठ ओलं निघतं,” असे ती सांगे. खरे तर तिला त्याची बडबड आवडत असावी.

त्या वर्षी आजारी मामीला पाहायला ताई आठ दिवस गेली. मिठ्याला वाटले कुंडीला पाणी पंचांचा माणूस घालतो. पंचांच्या माणसाला वाटले मिठ्या घालतो. ताई परतली तेव्हा कुंडीत काड्या उरल्या होत्या.

“काकूच्या परसात आहे की पुदिना,” मिठ्या म्हणाला. “उद्या येताना आणतो उपटून.”

“मुळासकट आण. आणि माती धर थोडी.”

हे संभाषण माझ्यासमोर झाले. धान्य खालून आणायचे नाही, भाजी आणायची नाही, फळ आणायचे नाही, हे दोघांनाही जन्मापासून पाठ होते. पण पुदिना कोणी खाणार नव्हते. ती कसोटी होती. कसोटीही बदलू शकते, हे त्या दोघांच्या ध्यानात आले नाही. माझ्याही आले नाही, हे कबूल केले पाहिजे.

दुसऱ्या दिवशी मिठ्याने दोन खेपा केल्या. दोनदा खालून गेला, दोनदा खालून आला. शेवटच्या खेपेला त्याच्या हातात मातीचा गोळा होता आणि त्यात रोप. ताईने ते लगेच कुंडीत लावले, पाणी घातले, आणि नियमाप्रमाणे एक पान त्याच्यापुढे धरले. उन्हे अजून माझ्या माथ्यावर होती.

“शहाजिरे,” तो म्हणाला आणि स्वतःच चमकला. “असं कसं? चार झाल्यात. हे बघ खडे.”

“एखाद्या वेळी वरून आला असशील.”

“नाही गं. रोप हातात घेऊन वरून कसा येईन? आणि ऐक, हे पान काकूच्या परसातही मला शहाजिऱ्यासारखंच लागलं होतं. तोच वास आहे.”

“तिकडे तू उलटा होतास, म्हणून लागलं. इकडे येऊनही तोच वास येतोय, म्हणजे तू अजून उलटाच आहेस.”

मित्रांनो, या युक्तिवादात एकही कडी निखळलेली नव्हती. फक्त तो खोटा होता. रोपही त्याच्याबरोबर माझ्याखालून आले होते. आता तो सुलटा होता आणि रोप उलटे.

“मी मोजलंय, ताई.”

“तुझं मोजणं मला माहीत आहे. सतरा, एकोणीस. जा, एक फेरी मारून ये, मग जेवायला बस.”

तो हसला. खांदे उडवून माझ्याखालून गेला आणि माझ्या पाठीवरून उतरून आला. तिने पुन्हा पान धरले.

“पुदिना,” तो म्हणाला. “जिंकलीस.”

“मी नाही, पानानं जिंकलं,” ती म्हणाली आणि त्याला ताट वाढले.

त्या दिवसापासून मिठ्याची उपासमार सुरू झाली. घरी तो उलटा आणि अन्न सुलटे. पलीकडे गेला की तो सुलटा होई, पण सोबतचा डबा उलटा होई. दोन्हींची गाठ कुठेच पडत नव्हती. रोज संध्याकाळी ताई पान धरी, रोज तो ‘पुदिना’ म्हणे, आणि रोज दोघांची खात्री आणखी पक्की होई.

“तुझ्या हाताची चव गेली गं,” तो पहिल्या आठवड्यात म्हणाला.

“तुझ्या जिभेची गेली असेल.”

तिने तसे म्हटले खरे, पण ते तिला लागले. वास न येणारी बाई स्वयंपाक कसा करते, हे टोमणे तिने आयुष्यभर ऐकले होते. दुसऱ्या दिवशी ती पंचांच्या माणसाला भाजी चाखवताना दिसली. तो म्हणाला, छान आहे. मग तिने मिठ्याला जास्त वाढायला सुरुवात केली. तोही मुकाट्याने जास्त खाई.

तिसऱ्या आठवड्यात तो दोन गोण्यांऐवजी एक गोणी नेऊ लागला. शीळ बंद झाली. शिळेला लागणारा श्वास चढणीसाठी राखून ठेवायचा होता. वैद्य आले, जीभ पाहिली, जंत आहेत म्हणाले आणि काढा दिला. काढाही अर्थातच वाया गेला. नवे रोप मात्र जोमाने वाढत होते. “जुन्याला महिन्यात अळी लागायची,” ताई सांगे, “याच्याकडे एक किडा फिरकत नाही.” किड्यांनी तिच्यापेक्षा बरी परीक्षा केली होती.

आणि मित्रांनो, पूर्वेकडच्या तोंडाशी मी जे पाहिले, ते आठवले की आजही माझ्या भेगांतून पाणी पाझरते. पावसाचेही असेल.

काकूने त्याच्यापुढे ताटली सरकवली होती. “नियम गेला खड्ड्यात. खा दोन घास. हाडं वाजतायत तुझी चालताना.”

“काकू, काय हे? मी आत्ता उलटा आहे. तुमचं अन्न मला चालायचं नाही.”

“डोळ्यादेखत पोर वाळतंय आणि म्हणे चालायचं नाही.”

“ताईला कळलं तर मला आत घ्यायची नाही.” त्याने आपला डबा उघडला. त्यातले अन्न त्याच्या काही उपयोगाचे नव्हते. ताटलीतले होते. सबंध जगात त्या घटकेला त्याला पचेल असे अन्न त्याच्या हातापासून वीतभर अंतरावर होते, आणि त्याने ते हलकेच मागे सारले. त्याला असे नीट वागायला ज्यांनी शिकवले, त्यांच्यात ताई पहिली होती.

पाचव्या आठवड्यात तो खाटेला खिळला. त्यानंतर नऊ दिवस तो पलीकडे दिसला नाही, तेव्हा काकूने दुकानाला कुलूप लावले, आपला डबा घेतला आणि आयुष्यात प्रथमच ती माझ्याखालून आली. स्थूल बाई, पायऱ्या नसलेल्या जागी उगाच पायऱ्या शोधत. चौकीपाशी दम खायला थांबली.

“अगं बाई, माझं रोप! केवढं वाढवलंत!” तिने सवयीने एक पान खुडले, चुरडले, नाकाशी नेले. “वा. पुदिना कसा घमघमतोय.”

ताई उठून उभी राहिली.

“काकू, काय म्हणालात?”

“पुदिना घमघमतोय म्हटलं.”

“तुम्ही खालून आलात?”

“वरून चढायला मी काय शेळी आहे?”

“एकदाच आलात?”

“आयुष्यात एकदाच. आत्ता.”

“मग तुम्ही उलट्या आहात, काकू. तुम्हाला शहाजिऱ्याचा वास यायला हवा.”

काकूने पानाकडे पाहिले. ताईने कुंडीकडे पाहिले. मी दोघींकडे पाहत होते. ताईला सगळे कळायला किती वेळ लागला, ते मी नेमके सांगू शकते: काकूचे दोन श्वास. मग ती खोलीकडे धावली नाही. तिने कुंडीवर दोन्ही हात ठेवले, जणू ती पडेल. “तो म्हणाला होता,” ती म्हणाली. “चार म्हणाला होता.”

आणखी एक गोष्ट तिला तेव्हा सुचली नाही, हे बरे झाले. त्या चौकीत आणि दोन खोल्यांत महिनाभर उलट्या माणसाला पचेल अशी एकच वस्तू होती. ती वस्तू टेबलावर वाढत होती.

दोघींनी त्याला खाटेसकट उचलले. ज्या पाठीवर दोन गोण्या जात, ती आता दोन बायकांना जड नव्हती. माझ्याखालून जाताना त्याने डोळे उघडले.

“कितवी?” त्याने विचारले.

“बोलू नकोस.”

“मोजायला नको का?”

पूर्वेला काकूने पेज केली. तो सुलटा होता, पेज सुलटी होती, सगळे अखेर जुळले होते. पण फार दिवस रिकाम्या राहिलेल्या शरीराला अन्नसुद्धा झेपत नाही. तीन दिवस चमच्याचमच्याने पेज चालू होती. ताई मात्र सारखी जा-ये करत होती: पांघरुणासाठी, त्याच्या सदऱ्यासाठी, वैद्याला आणायला, कधी माझ्याखालून, कधी पाठीवरून, पायाखाली न पाहता. चौथ्या दिवशी दुपारी मिठ्या गेला. त्याला काकूच्या परसापलीकडे मातीत ठेवले.

ताई पाठीवरून उतरून घरी आली आणि चौकीच्या ओट्यावर बसली. ती उलटी होती की सुलटी, हे तिला माहीत नव्हते. फेऱ्या तिने मोजल्या नव्हत्या. पुदिना हजार कुंड्यांचा आणला असता तरी तिला त्याचा वास येणार नव्हता. वीस वर्षे तिने सगळ्यांची परीक्षा घेतली होती. तिची घ्यायला कोणी नव्हते. घरात अन्न होते. तिने त्याला हात लावला नाही. चुकून जगण्याची तिला भीती वाटत होती की चुकून मरण्याची, ते मला सांगता येणार नाही. मला माणसांच्या आतले कण कळतात. त्यापलीकडचे कळत नाही.

दोन दिवसांनी काकू आली, डबा घेऊन.

“जेवलीस?”

ताईने मान हलवली. “काकू, मी कोण आहे तेच कळत नाही मला.”

“खालून सात, वरून तीन,” काकू म्हणाली.

“काय?”

“दुकानाच्या खिडकीतून सगळं दिसतं. खाट आणली ती धरून, जाणं वेगळं, येणं वेगळं मोजून, खालून सात, वरून तीन. सात म्हणजे तू उलटी आहेस. एकदा खालून जावं लागेल.”

“नक्की?”

“त्या तीन दिवसांत पेज ढवळणं आणि तुला मोजणं, याशिवाय मला कामच काय होतं?”

ताईने काकूच्या हातांकडे पाहिले. तिच्या हातात ना खडे होते, ना पान. मग ती उठली, माझ्याखालून गेली आणि हात टेकत माझ्या पाठीवरून उतरून आली. आत जाऊन तिने चूल पेटवली. थोड्या वेळाने दोघी ओट्यावर शेजारी शेजारी बसल्या. एकीने आपल्या डब्यातले खाल्ले, दुसरीने आपल्या ताटातले. कोणी कोणाला काही वाढले नाही.

काकूचा आकडा बरोबर होता. मिठ्याचाही बरोबर होता.

मित्रांनो, आता चौकीला दार नाही. ताई पूर्वेला राहते, पुलावरून गाडीने गेली. मी आहे तशीच आहे आणि पुढेही असेन. झिजायला मला खूप वेळ लागतो. माझी डागडुजी करा असे मी म्हणणार नाही, मला तिची गरज नाही. काळजी घ्यायची असेल तर तुम्ही ज्यावर भरवसा ठेवता त्या कुंडीची घ्या: ती कुठून आली, कोणत्या वाटेने आली, हे अधूनमधून विचारत जा. आणि आपले माणूस खडे दाखवत ‘मी मोजलंय’ म्हणाले, तर एकदा तरी ते खडे हातात घेऊन मोजा. माझ्या वाटेला येऊ नका. यावेच लागले तर एकटे येऊ नका, सोबतीला मोजणारे कोणी तरी आणा. मलाही मोजता येते. पण वेळेवर सांगता येत नाही.